गोष्ट बसून ऐकायची

पाहुणे आले की मी त्यांना पेशव्यांची राजधानी दाखवायला नेतो. गाइड दर वेळी तेच: हातात मिटलेली छत्री, बोलणं मोजकं. सहा-सात जणांचा गट, शनिवारवाड्यापासून विश्रामबागवाड्यापर्यंत पायी फेरी. ‘दमलात का?’ असं ते कुणालाही विचारत नाहीत.

गेल्या वर्षी अकोल्याचे सासरे सोबत होते. बायपास झालेली, पण कुणी ‘बसा’ म्हटलेलं खपत नसे. तुळशीबागेच्या पुढे ते विजेच्या खांबाला टेकले. मी घाबरलो. गाइड तेवढ्यात एका बंद दुकानाच्या पायरीवर बसले.

“बसा सगळे. ही गोष्ट उभ्याने ऐकायची नाही.”

मागच्या फेरीत हीच गोष्ट त्यांनी भर चौकात उभ्याने सांगितली होती. सासरे बसले आणि वर इतरांना म्हणाले, “बसा हो, गोष्टीचा मान असतो.”

या रविवारी भाचा आणि त्याचे हिंजवडीतले मित्र होते. त्याच पायरीपाशी गाइड म्हणाले, “बसा सगळे.”

“काका, उभ्याने चालेल की,” भाचा म्हणाला.

“मला नाही चालत.”

दमलंय कोण, म्हणून मी वळून पाहिलं. पोरं सगळी ताजीतवानी होती; विजेच्या खांबाला टेकलो होतो तो मीच.

मी मुकाट्याने गाइडच्या शेजारी बसलो.