यक्षिणीच्या हातातलं पत्रक

तुम्ही हाड अन् हाड जोडून उभ्या केलेल्या जिवावर दुसऱ्याने आपलं नाव टाकलं, तर तुम्ही गप्प बसाल?

मी बसले नाही. कोथरूडच्या एका फ्लॅटमध्ये आमचा मोबाइल गेमचा स्टुडिओ होता. त्या गेममधली पंखवाली यक्षीण मी केली. चित्राचे तुकडे पाडले: दंड, पंजा, पापण्या, एकेक पीस. मग आत हाडांचा सांगाडा बसवला, म्हणजे खांदा हलला की पंख मागोमाग यावा. पडद्यावर बोट फिरवलं की ती तिकडे बघते, टोचलं की फिसकारते. ते फिसकारणं जमेपर्यंत मी आरशासमोर नाकपुड्या फुगवत बसायचे.

गेम होत आला तेव्हा शेवटच्या नामावलीत तिच्यापुढे मालकाचं नाव दिसलं.

"सर, यक्षीण मी केलीय."

"अगं, आपण सगळे एक कुटुंब नाही का?"

"मग कुटुंबातल्या एकाचंच नाव कसं?"

"लग्नपत्रिकेवर आचाऱ्याचं नाव छापतात का?"

मी पत्रकांच्या घरात वाढले. बाबांच्या संघटनेची पत्रकं छापून यायची आणि आम्ही सगळे जमिनीवर बसून घड्या घालायचो. कागद दुमडायचा, अंगठ्याचं नख फिरवायचं, गुडघ्यावर एकदा आपटायचा. प्रत्येक पत्रकाच्या तळाशी छापणाऱ्याचंही नाव असायचं. निनावी पत्रक भेकड काढतो, असं बाबा म्हणत.

मी राजीनामा द्यायचं ठरवलं. त्याआधी माझ्याकडे एकच काम उरलं होतं: कुणी थोडा वेळ पडद्याला हातच लावला नाही, तर यक्षिणीने काय करावं? मी तिला पंखातलं एक पीस उपटायला लावलं. ती ते दुमडते, नख फिरवते, गुडघ्यावर आपटते आणि उलगडून तुमच्यापुढे धरते. त्यावर लिहिलंय, 'मला हिने घडवलं', आणि खाली माझं पूर्ण नाव.

मालकाने स्वतः तपासलं. पण हात न लावता बसणं त्या माणसाच्या रक्तातच नाही. टोच, टोच, टोच. ती फिसकारत राहिली, तो "वा, झकास!" म्हणत राहिला, आणि गेम बाजारात गेला. मी शेजारी उभी राहून गालातल्या गालात हसले. अजून हसते.

हे वाचून तो ते पीस काढायला धावेल. धावू दे. तुमच्या किंवा मुलांच्या फोनवर पंखवाली यक्षीण असेल, तर आज तिला उघडा, बोट मागे घ्या, तिच्या हातातलं पत्रक मोठ्याने वाचा. आणि पुढचं अपडेट घेऊ नका.