सासऱ्यांचा गुडघा आणि क्युबाचं परराष्ट्र धोरण

माझे सासरे नोकरीभर बँकेच्या युनियनमध्ये होते आणि निवृत्तीनंतर कम्युनिस्टांच्या अभ्यासवर्गात. भांडवलशाही त्यांना सोसत नाही. अबुधाबीतल्या अल रीम आयलंडवरच्या आमच्या फ्लॅटमध्ये आले, की एसी बाविसावर ठेवून ती त्यांना सोसत नाही.

दिवाळीनंतर ते आमच्याकडे राहायला आले आणि मॉलच्या सरकत्या जिन्यावरून उतरताना गुडघा मुरगळून घेतला. क्लिनिकनं घरी फिजिओथेरपिस्ट पाठवला. पन्नाशीचा, दणकट हातांचा, कमी बोलणारा माणूस. कुठले म्हणून मी विचारलं, तर म्हणाला, क्युबाचा. बाबा सोफ्यावरून उठायलाच निघाले. मी धरून बसवलं.

त्या दिवसापासून तो बाबांचा ‘डॉक्टर कॉम्रेड’ झाला. आपण डॉक्टर नाही, हे त्यानं एकदोनदा सांगितलं आणि मग सोडून दिलं. तो गुडघा चोळायचा आणि बाबा त्याला क्युबा समजावून सांगायचे. क्युबाला बाबा कधी गेले नव्हते. हा तिथे जन्मला होता, एवढाच काय तो फरक. दाढीवाल्या नेत्यानं अमेरिकेला कसं नमवलं, इतर देश बॉम्ब पाठवत असताना या चिमुकल्या बेटानं जगभर डॉक्टर कसे पाठवले, सगळं बाबांना तोंडपाठ. तो ऐकून घ्यायचा आणि म्हणायचा, “आता पाय वाकवा.”

मध्येच मला राहवलं नाही. दिल्लीतल्या घराणेशाहीवर बाबा तासभर बोलू शकतात, म्हणून विचारलं, तिकडेही थोरल्यानंतर धाकटा भाऊच गादीवर आला ना? बाबांनी माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं. “ते घराणं नाही. ती क्रांतीची परंपरा आहे.”

फिजिओ पहिल्यांदा हसला.

एक दिवस बातम्यांत क्युबातला अंधार दाखवत होते. अख्ख्या बेटाची वीज गेली होती. बाबांनी लगेच निकाल दिला, हे सगळं अमेरिकेच्या नाकेबंदीमुळे. त्यानं गुडघ्यावरचे हात काढले नाहीत. नाकेबंदी आहेच, म्हणाला, ती उठली तर सगळ्यांचंच भलं होईल. पण मित्रदेशाचं तेलाचं जहाज आलं की दिवे, नाही आलं की अंधार, यालाच आमच्याकडे परराष्ट्र धोरण म्हणतात. आणि घराघरात वीज नसताना सरकार पर्यटकांसाठी हॉटेलं बांधत होतं. ती बांधायला काही अमेरिकेनं सांगितलं नव्हतं.

बाबांना हे पटणं शक्यच नव्हतं. त्यांनी ठेवणीतला मुद्दा काढला. “तुम्हाला इथे सेवेसाठी पाठवलं कोणी? तुमच्याच सरकारनं ना?”

“सरकारनं मला आफ्रिकेत पाठवलं होतं,” तो म्हणाला. “तिथून मी पळालो.”

पुढचं त्यानं आवाज न चढवता सांगितलं. पळालेल्याला कित्येक वर्षं घरी येऊ देत नाहीत. आई गेली तेव्हा तो दुबईत, अल क्वोजमध्ये खोलीवर होता. भावानं व्हिडिओ कॉल लावून तिचा चेहरा दाखवला, तेवढ्यात तिकडची वीज गेली. मग नुसताच काळा पडदा आणि बायकांचं रडणं.

बाबांनी मला चहा टाकायला सांगितलं. स्वतःच्या पुढ्यातली बाकरवडीची बशी त्याच्याकडे सरकवली. तो गेल्यावरही ते सोफ्यावरच बसून राहिले. टीव्ही बंद, पेपर घडीचा तसाच. मला वाटलं, पंचाहत्तरीला का होईना, माणूस हलला.

जेवताना त्यांनी ताटातून मान वर केली. म्हणाले, “एकट्यादुकट्याच्या अनुभवावरून व्यवस्था जोखायची नसते.” आणि पोळी मागून घेतली.

गुडघा मात्र छान बरा झाला. शेवटच्या दिवशी बाबांनी त्याला आपली लोकरीची शाल पांघरली. अबुधाबीत तिचा काय उपयोग, हे मी विचारलं नाही. त्यानंही ती अंगावर घेऊनच लिफ्ट गाठली.

गावी परतल्यावर बाबांनी अभ्यासवर्गात भाषण दिलं. त्याचा व्हिडिओ फॅमिली ग्रुपवर आला. बाबा उभ्यानं बोलत होते, काठीशिवाय. “आखाताच्या वाळवंटात,” ते सांगत होते, “माझ्यासारख्या म्हाताऱ्याचा पाय कोणी उभा केला? क्युबानं!”

टाळ्या पडल्या तशी नवऱ्यानं फोन ठेवून दिला. मी शेवटपर्यंत ऐकलं. आफ्रिका नव्हती, आई नव्हती. शाल दिल्याचं तेवढं सांगितलं होतं.