हरळीला पांघरूण

थंडी पडली की गोधडीमावशींच्या घरी मुक्कामाला जायची कुणाची छाती होत नसे. त्यांच्या घरातलं सगळं पांघरूण संध्याकाळीच चर्चच्या बागेत गेलेलं असायचं. गुलाबाला गोधडी, पपईच्या रोपाला जुनं लुगडं आणि पाहुण्याला नुसता चहा. कुणी कुरकुरलं की म्हणायच्या, "माणूस चुलीपाशी जाऊन बसतंय. झाडानं कुठं जायचं?"

ती बाग त्यांच्याकडे कुणी सोपवली नव्हती. त्यांनीच ती घेतली होती आणि परत मागायची पाळकसाहेबांचीही टाप नव्हती.

माझी आई गेली तेव्हा मला मावशी खऱ्या कळल्या. "माझ्यावर फरशी घालू नका, हिरवं असू द्या," एवढंच आईनं शेवटी मागितलं होतं. दिवाळीनंतर मी चर्चच्या बागेला लागून असलेल्या तिच्या कबरीवर हरळी लावली. कोवळे कोंब वर आले आणि नाताळच्या तोंडावर प्रवराकाठी असा कडाका पडला की पहाटे दव गोठायला लागलं. मी घाईघाईनं प्लास्टिकचा कागद अंथरला. सकाळी पाहते तर जिथं कागद टेकला होता तिथले कोंब काळे पडलेले. आईची एकच इच्छा, तीही मला जमेना. मी तिथंच रडत बसले.

मावशी आल्या, वाकून माती उकरून पाहिली. "मुळं जित्ती हायेत बाई. रडू नको, काड्या आन." काड्या रोवायच्या, कापड त्यांच्यावर ताणायचं, गवताला टेकू द्यायचं नाही. दिवस कलायच्या आत झाकायचं, ऊन आलं की उघडायचं. एवढं सांगून त्या गेल्या आणि नाताळच्या नाटकातल्या मेंढपाळांच्या घोंगड्याच उचलून घेऊन आल्या.

शेजारच्या शेतातले तात्या बांधावरून हसले. "मावशी, हरळी खणून खणून आमची कंबर गेली, अन् तुमी तिला पांघरून घालताय व्हय?"

"तुमची हरळी मुरल्याली हाय, तात्या. ही आत्ता आलीय. हिला अजून जागा ठावं न्हाई."

नाटकाच्या दिवशी घोंगड्या परत गेल्या त्या दमट, गवताच्या काड्यांसकट. पाळकसाहेबांनी तोंड उघडायच्या आत मावशी म्हणाल्या, "मेंढपाळाच्या घोंगडीला गवत न्हाई तर काय अत्तर लागंल?" त्या संध्याकाळी आईवर मावशींची स्वतःची गोधडी होती.

होळीपर्यंत कबर हिरवीगार झाली. आईला दिलेला शब्द माझ्या हातून पाळला गेला तो या बाईमुळे, आणि हे मी त्यांच्या तोंडावर सांगितलं तेव्हा त्या "बरं बरं, पानी घाल" म्हणून निघून गेल्या.

यंदा दसऱ्यानंतर मावशी गेल्या. आईवरचीच थोडी हरळी काढून मी त्यांच्या कबरीवर लावली. परवा गारठा वाढला तशी मी आमच्या पलंगावरची गोधडी काखेत मारून निघाले. नवऱ्यानं दारातच अडवलं.

"अगं, मग आपण काय पांघरायचं?"

म्हटलं, "चुलीपाशी बसा."