शूटिंगवाल्याचं मयत

स्वतःच्या मयताला हजर राहून वर त्यात खोड काढणारा माणूस मी उभ्या जन्मात एकच पाहिला, आणि तो आखाडा बाळापुरात आमच्या भिंतीला भिंत लावून राहतो. धंदा लग्नाच्या शूटिंगचा. सगळं जग त्याला परत एकदा करून हवं असतं. एका लग्नात सासरी निघालेल्या नवरीची गाडी यानं वेशीवरून माघारी बोलावली. "रडणं बराबर आलं न्हाई, ताई. परत आईच्या गळ्यात पडा." आणि ती बिचारी पहिल्यापेक्षा जास्त रडली! असल्या माणसावर रागवायचं तरी किती?

गेल्या वर्षी यानं शॉर्ट फिल्म काढायला घेतली. नवऱ्याची बाहेर भानगड, बायको चहातून विष देते, आणि चहात साखर कमी होती म्हणून मेलेला नवरा तिरडीवर उठून बसतो. नवरा हा स्वतः. बायकोच्या कामाला गावात कोणी तयार होईना, म्हणून स्वतःच्या बायकोला, आमच्या वहिनींनाच उभं केलं. "हेल काढून रड, मनात येईल ते बोल," एवढं सांगून स्वारी नाकात कापूस घालून अंगणात आडवी झाली. कॅमेरा माझ्या हातात. "काही बी झालं तरी बंद करायचा न्हाई," मला बजावलं.

हेल काढणारी बाई मेलेल्याचं सगळं आयुष्य सांगते, हे तो विसरला. भर दुपारी वहिनींनी सूर लावला. "तीन दिसाच्या लग्नाला सेनगावात आठ दिस राह्यलास रे माझ्या राजा… तिला पैठणी, मला काहून नुसतं ब्लाऊजपीस रे राजा…" मला आधी हसू आलं. मग त्यांनी त्या बाईचं नाव घेतलं, तिच्या दाराचा रंग सांगितला, आणि माझं बोट कॅमेरा बंद करायच्या बटणापर्यंत जाऊन परत आलं. भिंतीवरून बघणाऱ्या शेजारणी आत येऊन खऱ्याच रडू लागल्या. मयत हललं नाही. उठून चहाचं वाक्य म्हणायचं होतं, तेही नाही. कानशिलावरून नुसता घाम गळत होता.

वहिनी उठल्या, मयताहून आल्यावर करतात तशी डोक्यावरून आंघोळ केली आणि स्वयंपाकाला लागल्या. संध्याकाळी तो तुकडा बघून हा मला एवढंच म्हणाला, "तुमचा हात हालला."

तेव्हापासून वहिनी त्याच्याशी बोलत नाहीत. पितरांना ठेवावं तसं ताट वाढून बाजूला ठेवतात. त्यानं हाक मारली की माझ्या बायकोला विचारतात, "बाई, कोणी आवाज दिल्यावानी वाटलं का वो?" चेहऱ्यावर राग अजिबात नसतो, त्याचीच मला भीती वाटते.

सेनगावला तो परत गेला नाही. फिल्म तशीच पडली, पण तो तुकडा तो रोज लावतो. परवा मी चिडून म्हणालो, "पुसून टाक की आता ते!"

"कसं पुसू, भाऊ?" तो म्हणाला. "तेवढ्या तुकड्यातच ती माझ्याशी बोलून राहिली ना."