अठ्ठ्याऐंशी मंदिरांची वाळू

अकोला स्टेशनवर मला सोडायला तेवीस माणसं आली होती. आमच्या वस्तीतून परदेशी नोकरीला जाणारा मी पहिलाच, त्यामुळे बाबांनी कुणालाही नको म्हटलं नव्हतं. बायका पांढऱ्या साड्या नेसून आल्या होत्या, पोरं नुसतीच गाड्या बघायला. बाबा एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक. त्या दिवशी त्यांनी रजा टाकली होती आणि कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घातला होता. गाडी यायला दहा मिनिटं असताना ते म्हणाले, "चला, त्रिशरण घेऊ." आणि सगळे तिथेच, फलाटावर, बॅगांच्या मधोमध हात जोडून उभे राहिले. शेजारी एसी डब्याची वाट पाहणारं एक कुटुंब आमच्याकडे टक लावून बघत होतं. मीही हात जोडले, ओठ हलवले, पण आवाज काढला नाही. निघताना बाबा खिडकीशी आले. "तिकडे कोनी पुसलं त मान वर करून सांगत जाय," म्हणाले. मी हो म्हटलं आणि गाडी कधी सुटते याची वाट पाहत बसलो.

गंमत अशी की सिंगापुरात कुणी पुसलंच नाही. फॉर्मवर मी इंडियन, ऑफिसात इंडियन, हॉकर सेंटरमधल्या कॉफीवाल्या अंकलसाठीही इंडियन. जहाजांची इंजिनं तपासायचं माझं काम. इंजिनाला तुमच्या गावाशी काही देणंघेणं नसतं. पुसणारी माणसं एकच, आपली. पहिल्याच वर्षी एका मराठी घरी गणपतीला गेलो. तिथे एका गृहस्थांनी आधी नाव विचारलं, मग आडनाव, मग मूळ गाव. आमचं आडनाव मराठ्यांतही चालतं आणि आमच्यातही. "म्हणजे शहाण्णव कुळी का?" त्यांनी हातातला मोदक सांभाळत विचारलं. मी हसलो. हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही, नुसता हसलो. त्या एका हसण्यावर मी पुढची अकरा वर्षं काढली.

वस्तीतल्या तुम्हा सगळ्यांना हे वाचून राग येईल. यावाच. आणि माझ्यासारखे जे तिथून उठून इकडे आले, त्यांनी मनातल्या मनात आठवून बघावं, आपण कुठे कुठे हसलो ते. तिकडे आमच्या घराच्या दारावर निळ्या अक्षरांत नाव होतं, आल्यागेल्याला जय भीम होता. इकडे तोआ पायोहला फ्लॅट, कायम राहण्याचा परवाना, मुलीची चांगली शाळा. बुद्धाची मूर्ती होती, पण सिंगापुरात ती कुणाच्याही हॉलमध्ये शोभेला असते. आमचीही शोभेत खपून गेली. माझी बायको सुजाता सुरुवातीला म्हणायची, "आपण कुणाचं काय चोरलंय?" मग तिनेही विचारणं सोडलं. तिची ही सवय मी मोडली, हेही माझ्याच खात्यावर.

आमच्याच ब्लॉकमध्ये नेने राहतात. अविनाश नेने चांगी बिझनेस पार्कला एका बँकेत आहेत, माधवीवहिनी घरून मराठीचे वर्ग घेतात. माणसं लाख. सुजाताचं ऑपरेशन झालं तेव्हा वहिनींनी पंधरा दिवस डबा दिला, आणि एकदाही आपण काही करतोय असं दाखवलं नाही. इतक्या वर्षांच्या येण्याजाण्यात त्यांनी आम्हाला कधी काही विचारलं नाही. मला वाटायचं, ते आम्हाला आपल्यातलेच धरून चाललेत. मी त्या भरवशावर निवांत होतो.

आमच्या मजल्यावर मिसेस तान म्हणून निवृत्त शिक्षिका आहेत. त्या पाया लेबारच्या बाजूच्या एका लहानशा जपानी मंदिरात सेवा करतात. मंदिर म्हणजे एका इमारतीचा तिसरा मजला, बाहेर फक्त एक लाकडी पाटी. मागच्या वर्षी त्यांनी नेन्यांना आणि आम्हाला तिथल्या एका विधीला बोलावलं. जपानमध्ये एका बेटावर अठ्ठ्याऐंशी मंदिरांची पायी यात्रा असते, चालत दीड महिना लागतो. ज्यांना तिथे जाणं जमत नाही, त्यांच्यासाठी त्या प्रत्येक मंदिराच्या अंगणातली वाळू आणून लहान लहान पिशव्यांत भरतात आणि ओळीने मांडतात. प्रत्येक पिशवीसमोर त्या त्या मंदिराचं चित्र. अनवाणी पायांनी पिशवीवर उभं राहायचं, हात जोडायचे, पुढच्या पिशवीवर जायचं. तासाभरात यात्रा पुरी होते. मला ही कल्पना फार आवडली, आणि माझी अकरा वर्षांची प्रज्ञा तर आधीच चपला काढून उभी होती.

आम्हाला बिनबाह्यांचे पांढरे अंगरखे घालायला दिले. आमची दहाजणांची रांग, पुढे मिसेस तान, कुठे थांबायचं ते सांगायला. सुरुवातीलाच त्यांनी मला विचारलं, "तुम्ही बुद्धाच्या देशाचे. शेवटी तीन शरणं घेतात, ती पाली भाषेत तुम्ही सांगाल का? आम्ही मागून म्हणू."

मी तोंड उघडायच्या आत नेने आनंदाने पुढे झाले. "ॲक्चुअली, बुद्ध हा आमच्या विष्णूचा नववा अवतार. सेम फॅमिली, यू सी."

"इज इट?" मिसेस तान यांनी माझ्याकडे बघितलं.

"येस, येस," मी म्हणालो. "सेम. पण ते पाली वगैरे मला येत नाही. आम्ही फक्त बघायला आलोय."

माझ्या आजोबांनी धर्म बदलला तेव्हा ज्या प्रतिज्ञा घेतल्या, त्यात बुद्ध हा विष्णूचा अवतार नाही, हे स्पष्ट शब्दांत आहे. बाबांनी त्या मला पाढ्यांच्या आधी शिकवल्या. प्रज्ञाला ते दर रविवारी व्हिडिओ कॉलवर शिकवतात. तिने माझा अंगरखा ओढला आणि इथल्या पोरांच्या इंग्रजीत म्हणाली, "बट बाबा, आजोबा सेड नॉट लाइक दॅट, लेह."

"शू," मी म्हणालो आणि तिचा हात जरा जास्तच जोरात दाबला.

मग आम्ही चालू लागलो. पहिल्या पाच-सहा पिशव्यांवर पायाला काही कळत नाही. नंतर कुठली वाळू जाड, कुठली पिठासारखी, ते तळव्यांना समजायला लागतं. आमच्या पुढे एक म्हातारी जपानी बाई होती. तिसाव्या का बत्तिसाव्या पिशवीवर ती चढली आणि उतरेचना. तिचं माहेर त्याच मंदिराच्या गल्लीतलं, मिसेस तान हळूच म्हणाल्या. चाळीस वर्षांपूर्वी ती इथे आली होती. ती तिथे उभी राहून मोकळेपणाने रडली, मागची रांग थांबली. मला मात्र तिच्याकडे बघवेना. मी खाली माझ्या पायांकडे बघत राहिलो.

शेवटची पिशवी झाली. सगळे वेदीसमोर बसले. भिक्षूंनी घंटा वाजवली आणि मिसेस तान यांच्याकडे बघितलं. मिसेस तान यांनी आम्हा सगळ्यांकडे बघितलं. आणि माझ्या शेजारून आवाज आला, "नमो तस्स भगवतो अरहतो सम्मासम्बुद्धस्स."

प्रज्ञा डोळे मिटून म्हणत होती. बाबांची चाल, बाबांचे थांबे, उच्चार मात्र तिच्या शाळेचे. पुढे बुद्धं सरणं गच्छामि आलं आणि अख्खा हॉल तिच्या मागून म्हणू लागला. चिनी आज्या, जपानी नवरा-बायको, ती रडलेली म्हातारी, सगळ्यांना येत होतं. सुजाताही म्हणत होती, माझ्याकडे न बघता. गप्प तिघेच होतो, नेने पतीपत्नी आणि मी. त्यांना येत नव्हतं म्हणून ते गप्प होते. मला लाज वाटत होती, आणि ती कशाची ते मला त्या दिवशी पहिल्यांदा नीट कळलं. अकरा वर्षं मी समजत होतो की मला जातीची लाज वाटते. तिथे बसल्यावर कळलं, लाज वाटावी असं एकच काही माझ्यापाशी होतं आणि ते मी स्वतः केलेलं होतं.

परतताना मेट्रोत नेने मुलीचं तोंड भरून कौतुक करत होते. ते आणि वहिनी वाटेत खरेदीसाठी उतरले. मग प्रज्ञाने विचारलं, "बाबा, आर वी अ सिक्रेट?"

"नाही गं."

"देन व्हाय यू शू मी?"

सुजाता खिडकीबाहेर बघत होती. तिने मला मदत केली नाही, आणि करायला नकोच होती.

शनिवारी सकाळी मी नेन्यांकडे गेलो. वहिनींनी पोहे केले होते. मी बशी हातात तशीच धरून म्हणालो, "मला एक सांगायचंय. आम्ही बौद्ध आहोत. तुम्हाला वेगळं वाटत असेल, आणि मी ते वाटू दिलं. त्या दिवशी मंदिरात मी जे म्हणालो तेही खोटं होतं."

नेने खाली बघत राहिले. "अहो, आम्हाला माहितीये," ते म्हणाले. "आणि माझंच चुकलं त्या दिवशी. बोलण्याच्या भरात ते अवताराचं निघून गेलं तोंडातून. घरी आल्यावर ही मला काय काय बोललीय, विचारू नका."

"माहितीये? कधीपासून?"

नवरा-बायकोंनी एकमेकांकडे बघितलं. शेवटी वहिनीच बोलल्या. "तुमचे बाबा आले होते ना, सहा वर्षांपूर्वी. मला खाली बागेत भेटले. मी ओळख विचारली, तर त्यांनी जय भीम केला आणि सगळं सांगितलं. गाव, वस्ती, वर्कशॉप, सगळं. किती छान बोलत होते. मग जाता जाता म्हणाले, 'पोरगा इथं कोनाले सांगत नाही. तुम्ही त्याले काही पुसू नका, ताई. त्याले अवघड होईल.' म्हणून आम्ही कधी विषय काढला नाही."

पोहे गार झाले. वहिनींनी बशी माझ्या हातातून घेतली आणि दुसरे वाढून आणले. मी तेही खाल्ले नाहीत.

त्या वेळी बाबा दोन महिन्यांसाठी आले होते आणि तीन आठवड्यांत परत गेले. करमत नाही, म्हणाले. नंतर मी दर वर्षी बोलवायचो. कधी गुडघे दुखायचे, कधी विहाराचं काम निघायचं, कधी तिकडची हवा मानवत नाही म्हणायचे. म्हाताऱ्या माणसांचं असंच असतं, असं मी सुजाताला सांगायचो.

नेन्यांच्या घरातून निघालो तो लिफ्टने वर न जाता खाली उतरलो आणि एका बाकावर बसून बाबांना फोन लावला.

"काहून रे? आज त रविवार नाही."

"बाबा, मी नेन्यांना सांगितलं."

मागे वस्तीत कुणीतरी कुणाला तरी हाका मारत होतं. काय सांगितलं, हे त्यांनी विचारलं नाही.

"बरं झालं," ते म्हणाले. मग घसा खाकरून म्हणाले, "मंग आता येतो मी. काढ तिकीट."

गुडघ्यांचं काय, असं मी विचारलं नाही. सहा वर्षं ज्या फ्लॅटला मी घर म्हणत होतो, तिथे माझ्या बापाला यायला जागा नव्हती.