क्राम्पेबाईंचं वाक्य

हॅम्बुर्गच्या त्या नाट्यगृहात ओटिली क्राम्पे बावीस वर्षं प्रॉम्प्टर होत्या. रंगमंचाच्या पुढच्या कडेला, फळ्यांखाली, खुराड्याएवढी जागा. नट वाक्य विसरला की त्या ते तिथून कुजबुजायच्या; ते नटांना ऐकू जायचं, पहिल्या रांगेला नाही. या कसबाचं कौतुक कोण करणार? काम चोख झालं की ते कुणाला कळतच नाही.

युद्धानंतर लोकांना हसायचं होतं, म्हणून डॉक्टर वेसेनडॉर्फ यांनी एक विनोदी प्रेमनाटक लिहिलं. तिसऱ्या अंकात नायक मागणी घालतो आणि नायिका चांदणं, नियती, अनंतकाळ असं अर्धं पान बोलते. तिसाव्या प्रयोगाला नायिका इल्से ब्रांडहोर्स्ट नेमकी तिथेच अडकली. तिनं खाली पाहिलं. क्राम्पेबाईंचा नवरा आघाडीवरून परतल्यापासून खुर्चीतून हलत नव्हता. चांदण्याचं ते अर्धं पान बाईंच्या पहिल्यापासूनच डोक्यात जायचं. त्यांनी खालून सांगितलं, "लग्नाला माझी हरकत नाही, पण बटाटे तुम्ही सोलायचे."

इल्सेनं ते तसंच म्हटलं आणि हशानं छप्पर उडायचंच बाकी राहिलं. ते वाक्य कायम झालं. क्राम्पेबाईंनी शिस्तीत आपल्या संहितेतलं चांदणं खोडलं आणि समासात पेन्सिलीनं बटाटे लिहिले. सिनेमावाल्यांनी पटकथेसाठी नेमकी तीच प्रत नेली. टाइप करणारीनं खोडलेलं गाळलं, समासातलं घेतलं, आणि वाक्य शहरभर पोस्टरवर झळकलं. खाली नाव वेसेनडॉर्फांचं.

क्राम्पेबाई त्यांच्याकडे गेल्या. सिनेमाच्या नामावलीत अगदी शेवटी, बारीक अक्षरांत का होईना, आपलं नाव यावं, एवढंच मागितलं.

"क्राम्पेबाई," ते हसत म्हणाले, "प्रॉम्प्टर लेखकाचंच वाक्य सांगतो. हेही माझंच होतं. माझं लिहायचं राहून गेलं, इतकंच."

वर पहिल्या खेळाचा पास हातात ठेवला, पाचव्या रांगेतला. निर्लज्जपणालाही काही हद्द असते.

सिनेमा संपला. रिवाजाप्रमाणे सगळी मंडळी अभिवादनाला पडद्यापुढे आली. निवेदकानं लेखकालाच ते वाक्य म्हणायचा आग्रह केला. वेसेनडॉर्फ पुढे सरसावले. "लग्नाला माझी हरकत नाही," म्हणाले आणि थांबले. पुढच्या शब्दांची बोंब झाली होती, काही केल्या आठवेनात.

क्राम्पेबाईंनी ओठ घट्ट मिटले. होऊ दे फजिती मेल्याची, असं त्यांना मनापासून वाटलं. पण तो गृहस्थ घसा खाकरून म्हणाला, "कारण हे चांदणं..." आणि बाईंचं डोकंच फिरलं. त्या ताडकन उभ्या राहिल्या.

"बटाटे तुम्ही सोलायचे," बाल्कनीपर्यंत पोचेल अशा आवाजात त्या म्हणाल्या. "आणि हे वाक्य माझं आहे."

हशा पिकला, टाळ्यांचा कडकडाट झाला. वेसेनडॉर्फांनी वाकून त्याही टाळ्या घेतल्या. आठशे माणसांनी खरं काय ते ऐकलं, या समाधानात क्राम्पेबाई घरी गेल्या.

दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात छापून आलं: डॉक्टर वेसेनडॉर्फ यांची लेखणी इतकी लोकप्रिय आहे, की प्रेक्षकांतल्या एका साध्या गृहिणीलाही त्यांचं वाक्य आपलं स्वतःचंच वाटतं.