विनापरवाना चकवा

मला दुबईत चकवा लागला. सकाळी सात वाजून बत्तीस मिनिटांनी, जुमेरा लेक टॉवर्समध्ये, भाड्याच्या ई-स्कूटरवर आणि पूर्णपणे बेकायदेशीरपणे.

यातल्या शेवटच्या शब्दाचा मला सगळ्यात जास्त त्रास होतो, कारण मी एका कंपनीत कम्प्लायन्स ऑफिसर आहे. म्हणजे बाकीचे लोक नियम पाळतात की नाही हे बघण्याचा मला पगार मिळतो. घरी हेच काम मी फुकट करतो. ‘नियम म्हणजे नियम’ हे वाक्य माझ्या मुलीने, इराने, ‘बाबा’ या शब्दानंतर लगेचच ऐकलं असावं. लिफ्टमध्ये आठ माणसं असं लिहिलं असेल आणि आत आठ असतील, तर मी नववा म्हणून चढत नाही. (आमचं घर एकोणिसाव्या मजल्यावर आहे. पुष्कळ वाट बघावी लागते.)

तर इथे ई-स्कूटर चालवायला परमिट लागतं. गाडीचं लायसन्स असेल तर लागत नाही, पण माझं लायसन्स डोंबिवलीचं, त्याला इथे कुणी विचारत नाही, आणि इथल्या रोड टेस्टबद्दल मी बोलू इच्छित नाही. परमिटची परीक्षा मात्र ऑनलाइन आणि फुकट. इरा अठरा वर्षांची, बारावीत. तिने ती सोफ्यावर आडवं पडून चिप्स खाता खाता दिली आणि पास झाली. मी टेबलाशी ताठ बसून, आंघोळ करून दिली आणि नापास झालो. समोर पादचारी आला तर काय कराल, या प्रश्नाला मी ‘हॉर्न वाजवू’ असं उत्तर दिलं होतं. दुसऱ्या वेळी स्कूटरवर मागे कुणाला बसवता येतं का, याला ‘लहान मूल असेल तर’ असं दिलं. डोंबिवलीत ही दोन्ही उत्तरं बरोबर आहेत.

या दोनदा नापास होण्याबद्दल मी घरात अवाक्षर काढलं नव्हतं. विचारलं की ‘प्रोसेसमध्ये आहे’ म्हणायचो.

आता त्या जानेवारीतल्या दिवसाकडे येऊ. आठ वाजता ऑफिसात मला सगळ्या स्टाफसमोर भाषण करायचं होतं. विषय होता ‘शॉर्टकट टाळा’. विषय मीच सुचवला होता. माझी बायको मेधा शाळेत शिकवते, ती सहालाच बसने निघून गेली होती. मी उठून खिडकीशी गेलो, तर खिडकीबाहेर काहीच नव्हतं. समोरचा टॉवर नव्हता, खालचा रस्ता नव्हता, दुबईच नव्हती. हिवाळ्यात इथे असं धुकं पडतं. पांढरं, दाट, काचेला नाक लावून उभं राहिलेलं.

भाषणाची तयारी करता करता उशीर झालेला. खाली उतरलो तर टॅक्सी नाही, अ‍ॅपवर गाडी दाखवेना. ऑफिस आमच्याच वसाहतीच्या दुसऱ्या टोकाला, चालत गेलं तर अर्धा तास. आणि दाराबाहेरच भाड्याच्या स्कूटर रांगेत उभ्या. इराने ते अ‍ॅप घेतलं तेव्हा कार्ड माझं दिल्यामुळे माझ्या फोनवरही ते तिच्याच नावाने चालू होतं. अटीत स्वच्छ लिहिलेलं होतं की ज्याचं खातं, त्यानेच चालवायची. दुसरं कुणी चालवताना सापडलं तर खातं बंद. इरा रोज संध्याकाळी याच स्कूटरवरून कोचिंगला जायची आणि तिची परीक्षा दोन महिन्यांवर आलेली. हे सगळं मला माहीत होतं. अटी वाचणारा जगातला तो एकमेव माणूस मीच!

तरीही मी बटण दाबलं. त्याआधी वर जाऊन इराचं जांभळं हेल्मेट आणून डोक्यावर घातलं होतं. (नियम म्हणजे नियम.)

तळ्याकाठच्या वाटेवर आलो आणि आवाज बंद झाले. ही स्कूटर मुळात आवाज करत नाही, आणि त्या दिवशी तर रस्त्यावरचं दुसरंही काही आवाज करत नव्हतं. तळ्यातलं कारंजं कुठेतरी पडत होतं, पण तळं दिसत नव्हतं. खजुरांच्या शेंड्यांवरून थेंब गळत होते, पण शेंडे दिसत नव्हते. आमच्याकडे टॉवर तीन-तीनच्या गटात उभे आहेत, सगळे सारखे, प्रत्येक गटाला एक इंग्रजी अक्षर. त्या दिवशी नुसते पायथे दिसत होते. एकही माणूस दिसला नाही.

तेवढ्यात स्कूटरने तीन शिट्ट्या मारल्या आणि ती जागच्या जागी मेली.

शेजारी एक बाक होता. बाकावर लहान मुलाचा एकच लाल बूट ठेवलेला होता. नीट, मधोमध, माझ्याकडे तोंड करून. मी बटण दाबलं, स्कूटर हलवली, अरबीत ‘यल्ला’, म्हणजे ‘चल’, म्हणून पाहिलं. ढिम्म. मग मागे ओढली तर ती आपोआप सुरू झाली. चांगलंय, म्हटलं, इथे काहीतरी बिघाड असेल, दुसऱ्या बाजूने जाऊ.

दुसऱ्या बाजूने गेलो. पूल ओलांडला, डावीकडे वळलो, तळ्याला वळसा घातला, अंदाजाने ऑफिसच्या रोखाने निघालो. पाचेक मिनिटं झाली असतील. तीन शिट्ट्या. स्कूटर मेली. शेजारी बाक. बाकावर लाल बूट.

मी घाबरलो नाही. मी फक्त मोठ्याने स्वतःशी बोलायला लागलो. धुक्यात दिशा चुकते, असं मी मला समजावलं, आणि यावेळी कारंज्याचा आवाज सतत उजव्या हाताला ठेवून निघालो. आवाज आधी उजवीकडे होता, मग मागे गेला, मग समोरून यायला लागला. तीन शिट्ट्या. बाक. आणि बाकावर बूट नव्हता.

आता मात्र पाठीवरून घाम उतरला. आजूबाजूला चिटपाखरू नाही आणि बूट गेला. कुणाच्या पायात गेला, हा विचार मी करायचा नाही असं ठरवलं आणि दुसरा कुठलाच करता येईना.

मी घरी फोन लावला. माझी आई तेव्हा कुडाळहून व्हिजिट व्हिसावर आलेली होती. ती चाळीस वर्षं शाळेत गणित शिकवून निवृत्त झाली. त्यामुळे तिचा फक्त दोन गोष्टींवर विश्वास आहे, गणित आणि भुतं. मी दबक्या आवाजात सगळं सांगितलं आणि इराला कळू देऊ नकोस अशी विनंती केली.

“किती वेळा आलास त्याच जागी?” आईने विचारलं.

“तीन.”

“मग चकवाच तो. ओळखीच्या वाटेवर माणसाला गोल गोल फिरवतो. दमून पडेपर्यंत.”

“आई, हे दुबई आहे.”

“त्याला व्हिसा लागत नाही. अंगातला शर्ट काढ आणि उलटा करून घाल, म्हणजे सोडतो. आणि मागे वळून बघू नकोस.” मग आवाज खाली आणून ती म्हणाली, “इरा उठलीय बरं का. फोनमध्ये डोकं घालून काहीतरी करतेय मघापासून.”

एम.कॉम., इंटर्नल ऑडिटचा डिप्लोमा, बावीस वर्षांचा अनुभव. मी टाय सोडला आणि शर्टाची बटणं काढायला लागलो. अंगात बनियन, डोक्यावर जांभळं हेल्मेट, हातात शर्ट, अशा अवस्थेत मी बाही उलटी करत असताना ती मेलेली स्कूटर किंचाळली.

हात लावला नव्हता मी. चार पावलं लांब होतो. ती स्वतःहून कर्कश ओरडायला लागली आणि तिचा दिवा उघडझाप करू लागला. थांबली. मी शर्टात एक हात घातला, तर पुन्हा ओरडली. मला रामरक्षा येते, पण त्या क्षणी पहिला शब्द आठवेना. दुसरा हात कसा घातला, बटणं कुठल्या काजात गेली, काही कळलं नाही. टाय मात्र बांधला, सवयीने.

आणि धुक्यातून एक आकृती माझ्याकडे यायला लागली. उंच, सावकाश, चेहरा नसलेली. तिच्या हातात तो लाल बूट होता.

माझी बोबडी वळली. आकृतीही थांबली. मग तिने थरथरत्या आवाजात सलाम केला. तो तिथला सिक्युरिटी गार्ड होता, पेशावरकडचा, आणि थंडीमुळे त्याने तोंडाला मफलर गुंडाळला होता. बूट त्याने हरवलेल्या वस्तूंत जमा करायला उचलला होता. पण माझ्यापेक्षा त्याचीच हालत वाईट होती.

“भाईसाब, आप इन्सान है ना?” त्याने आधी खात्री करून घेतली. “तीन बार आप इधर आया, दो बार गायब हुआ. ना आवाज, ना कुछ. फिर अपने आप से बात किया, फिर कपडा उतारा. हम समझा कोई और चीज है.”

म्हणजे पंधरा मिनिटं त्या तळ्याकाठी जे भूत फिरत होतं, ते मीच होतो.

मी काही खुलासा करणार तोच फोन वाजला. इरा.

“बाबा, लिसन, डोन्ट पॅनिक,” ती म्हणाली. “समवन स्टोल माय अकाउंट. कुणीतरी माझ्या नावाने स्कूटर चालवतंय. आय कॅन सी हिम ऑन द मॅप, तळ्यापाशी गोल गोल फिरतोय. आय थिंक ही इज ड्रंक.”

“हो का?” मी म्हणालो.

“मी स्कूटर रिंग करून त्याला घाबरवलं. आता लॉक केलीय. कंपनीला रिपोर्ट पण केलंय. तुम्ही ऑफिसच्या वाटेवर असाल ना? बी केअरफुल, ओके?”

ती माझी काळजी करत होती. माझ्यापासून मी जपून राहावं म्हणून. त्या क्षणी खरं सांगायला हवं होतं, एवढं मला आजही लख्ख कळतं. मी म्हणालो, “मीटिंगमध्ये आहे, नंतर बोलतो,” आणि फोन ठेवला. गार्ड माझ्याकडे बघत होता. त्याला मराठी येत नव्हतं, पण त्याला सगळं कळलं असावं.

स्कूटर का थांबते, हे त्यानेच सांगितलं. बाकापलीकडे फरशांचं काम चालू होतं, म्हणून तेवढा भाग स्कूटरना बंद केलेला होता. नकाशात लाल रंगवलेला. तिथे शिरलं की स्कूटर आपली आपण थांबते. ऑफिसकडे जाणारी वाट तिथूनच जाते, म्हणून मी पुन्हा पुन्हा तिथेच येऊन आदळत होतो. माझं ऑफिस कुठे आहे विचारलं, तर त्याने बूट धरलेल्या हाताने बाकाच्या मागे दाखवलं. धुकं जरा विरळ झालं आणि आमचं काचेचं दार दिसलं. चाळीस पावलांवर.

आठला पाच मिनिटं कमी असताना मी पोचलो. भाषण जोरदार झालं. लोक इतके एकाग्र कधीच नसतात. शेवटी आमच्या लेबनीज मॅनेजरने मला बाजूला घेतलं आणि म्हणाला, “हबीबी, व्हेरी गुड. बट युअर शर्ट.” शिवणी बाहेर, खिसा आत, आणि मानेमागे लेबल. ते दोनशे लोकांना वाचता येईल इतकं ठसठशीत होतं.

संध्याकाळी घरी गेलो तेव्हा स्कूटर कंपनीचा फोन आलेलाच होता. इरा स्पीकरवर बोलत होती, समोर आई पोथी उघडून बसलेली. पलीकडची बाई विचारत होती की चालवणारा कोण, ओळखीचा की अनोळखी. अनोळखी असेल तर खातं लगेच चालू करून देतो. मी दारातच उभा राहिलो आणि बूट काढता काढता सगळं सांगून टाकलं. टेस्टमध्ये दोनदा नापास झाल्याचंही. आई हळूच म्हणाली, “अनोळखी म्हण गो. चकव्याला कोण ओळखतं?”

इराने माझ्याकडे पाहिलं. मग फोनकडे वळून म्हणाली, “इट वॉज माय फादर. ही डझन्ट हॅव अ परमिट.”

खातं महिनाभर बंद झालं. मी तिला म्हणालो, अगं, एक शब्द बोलली असतीस तर वाचलं असतं. “बट यू ऑलवेज सेड,” ती म्हणाली, आणि पुढचं तीन शब्दांचं वाक्य तिने मराठीत म्हटलं. मला इतका अभिमान वाटला आणि इतकी लाज वाटली, की मी पाणी प्यायला आत गेलो.

महिनाभर मी रोज तिच्याबरोबर कोचिंगपर्यंत चालत गेलो आणि तिने वाटेत माझी परीक्षेची तयारी करून घेतली. पादचारी दिसला तर हॉर्न नाही. मागे कुणी नाही, लहान मूलही नाही. लाल भाग म्हणजे लाल भाग. बाक आला की ती मुद्दाम तीन शिट्ट्या मारायची, आणि गार्ड लांबूनच हात हलवायचा.

तिसऱ्या वेळी मी पास झालो. सगळी उत्तरं बरोबर, अगदी स्कूटर आपोआप थांबली तर काय कराल हेसुद्धा. इराने टाळ्या वाजवल्या आणि याचं श्रेय तिच्या शिकवण्याला आहे असं मी सर्वांना सांगतो. फक्त त्या दिवशी, दार लावून परीक्षेला बसताना, मी शर्ट उलटा घातला होता. नियम म्हणजे नियम.